एक्सेलला नेटवरून एनएव्ही आणायला लावताना: डीएलएल, रेफरन्स आणि तो 'मिसिंग' शब्द

सोलापूरला माझा मामा म्युच्युअल फंडाचं काम बघतो, सत्तर-ऐंशी क्लायंट आहेत, सगळ्यांचा हिशोब एकाच एक्सेल शीटमध्ये. रोज रात्री जेवण झालं की चष्मा लावून बसायचं, एकेका स्कीमची एनएव्ही, म्हणजे एका युनिटचा त्या दिवसाचा भाव, साईटवर शोधायची आणि शीटमध्ये हाताने टाकायची. मी म्हटलं मामा हे एक बटण दाबून होतं रे. दोन संध्याकाळी बसून मॅक्रो (एक्सेलकडून आपोआप काम करून घेणारा छोटा कोड) लिहिला, माझ्या लॅपटॉपवर मस्त चालला, पेनड्राईव्हवर टाकून त्याला दिला आणि दुसऱ्या दिवशी सकाळी सकाळी फोन, "अगं ते तुझं काहीतरी इंग्रजीत ओरडतंय."

मेसेज होता 'कॅन्ट फाईंड प्रोजेक्ट ऑर लायब्ररी' आणि कोडमध्ये हायलाईट झालेला शब्द होता 'लेफ्ट'. लेफ्ट म्हणजे डावीकडची चार अक्षरं कापून द्या एवढंच काम करणारं बापडं फंक्शन, ते कुठे हरवणार? मी फोनवर दोन तास त्या एका ओळीची चिरफाड केली आणि चूक त्या ओळीत नव्हतीच. ती कुठे होती ते खाली येईलच, पण हे सगळं लिहायचं कारण तेच आहे, कारण एक्सेल नेटशी कशाच्या जोरावर बोलतं हे मला तेव्हा नीट माहीतच नव्हतं, मी फक्त कुठून तरी कोड उचलून चिकटवला होता.

आधी डीएलएल म्हणजे काय ते दोन मिनिटांत

मंगल कार्यालय डोळ्यासमोर आणा. पातेली, घंगाळं, ताटं-वाट्या सगळं कार्यालयाचं असतं, आज या लग्नाला तीच भांडी आणि उद्या त्या मुंजीला तीच. कोणी आपल्या घरची भांडी टेम्पोत घालून नेत नाही. डीएलएल, म्हणजे डायनॅमिक लिंक लायब्ररी, ही विंडोजची अशी सामायिक भांडी. नेटवरून पान आणणं, एक्सएमएल (खुणांमध्ये बांधलेली माहिती) वाचणं, याद्या सांभाळणं ही कामं एकदाच लिहून फाईलमध्ये ठेवलेली असतात आणि ज्या प्रोग्रॅमला गरज पडेल तो ती वापरतो. लिनक्सवर याच जातीच्या फाईलींना डॉट एसओ म्हणतात, मॅकवर डॉट डायलिब.

आता महत्त्वाचं. तुमच्या एक्सेल फाईलमध्ये ती भांडी नसतात, फक्त भांड्यांची यादी असते. फाईल दुसऱ्याला दिली की यादी जाते, भांडी जात नाहीत. समोरच्याच्या कार्यालयात ती असली तर लग्न लागतं, नसली तर मामाचा फोन येतो.

एक्सेलमधून वापरायच्या बहुतेक डीएलएल कॉम नावाच्या पद्धतीच्या असतात. म्हणजे विंडोजच्या नोंदवहीत, रजिस्ट्रीमध्ये, तीन गोष्टी एकमेकींना बांधलेल्या असतात, एक वाचता येईल असं नाव, एक लांबलचक नंबर, आणि त्या नंबरची फाईल डिस्कवर कुठे पडली आहे तो पत्ता. कोडमध्ये तुम्ही नाव घेता, विंडोज रजिस्ट्रीत नंबर शोधतं, नंबरवरून फाईल शोधतं आणि उघडून देतं. या साखळीची कुठलीही एक कडी तुटली की एरर येते, आणि एरर कुठली आली त्यावरून कुठली कडी तुटली ते साधारण कळतं.

डीएलएल लागते कशाला, एक्सेलमध्ये फंक्शन आहे की

हो आहे. एक्सेल २०१३ पासून 'वेबसर्व्हिस' नावाचं फंक्शन आहे, सेलमध्ये पत्ता द्या, उत्तर सेलमध्ये येतं. लहानसहान उत्तरासाठी छान आहे. पण एका सेलमध्ये जास्तीत जास्त ३२,७६७ अक्षरं मावतात आणि उत्तर त्याहून मोठं आलं की हे फंक्शन सरळ 'व्हॅल्यू'ची एरर फेकतं. आपल्याला जी फाईल हवी आहे ती अ‍ॅम्फीची, म्हणजे असोसिएशन ऑफ म्युच्युअल फंड्स इन इंडिया या मुंबईच्या संस्थेची. ती संस्था सगळ्या फंडांच्या सगळ्या स्कीमची एनएव्ही एका साध्या टेक्स्ट फाईलमध्ये देते, 'एनएव्ही ऑल' नावाची. लॉगिन नाही, परवानगीची 'एपीआय की' नाही, पैसे नाहीत. पण त्यात दहा हजारांच्या वर ओळी असतात. सेलमध्ये मावायचा प्रश्नच नाही.

दुसरा रस्ता पॉवर क्वेरीचा, एक्सेल २०१६ पासून तो डेटा टॅबमध्ये आतच बसवलेला आहे, २०१० आणि २०१३ ला वेगळा अ‍ॅड-इन टाकावा लागायचा. खरं सांगू का, तुम्हाला फक्त टेबल आणून रिफ्रेश करायचं असेल आणि एक्सेल नवं असेल तर पॉवर क्वेरीच वापरा, पुढचं वाचायची गरज नाही. पण मामासारखं, एक बटण हवं, ठरावीक सेलमध्येच आकडा पडायला हवा, ज्याची एनएव्ही आली नाही तो पिवळा व्हायला हवा, उद्या कुठल्या सर्व्हिसला आपल्याकडून माहिती पाठवायची वेळ येईल, किंवा ऑफिसात आधीपासून चालत आलेली जुनी मॅक्रोची शीट सांभाळायची आहे, तर डीएलएलशी ओळख करून घ्यावीच लागते.

पायरी १: आपलं ऑफिस किती बिटचं ते बघा

एक्सेल उघडा, फाईल, मग अकाउंट, मग अबाउट एक्सेल. वरच्याच ओळीत शेवटी ३२ बिट किंवा ६४ बिट लिहिलेलं दिसेल. विंडोज किती बिटचं आहे ते नाही, ऑफिस किती बिटचं आहे ते बघायचंय, आणि ते वहीत लिहून ठेवा कारण पुढे लागणार आहे.

नियम असा की ३२ बिटच्या प्रोग्रॅमला ३२ बिटचीच डीएलएल चालते, ६४ ला ६४ ची. म्हणून ६४ बिट विंडोजमध्ये दोन कपाटं असतात, आणि इथे नावं ठेवणाऱ्याने कमाल केली आहे, 'सिस्टम ३२' नावाच्या फोल्डरमध्ये ६४ बिटच्या डीएलएल असतात आणि 'सिसवॉव ६४' नावाच्या फोल्डरमध्ये ३२ बिटच्या. उलटंच आहे, टायपो नाही माझा. जुने प्रोग्रॅम मोडू नयेत म्हणून सिस्टम ३२ हे नाव तसंच ठेवलं आणि त्याचा ताप आपल्याला.

पायरी २: फाईल मॅक्रोवाली करून ठेवा

सेव्ह अ‍ॅज करून टाईपमध्ये मॅक्रो-एनेबल्ड वर्कबुक निवडा, म्हणजे शेवटी एक्सएलएसएम येईल. साधी एक्सएलएसएक्स ठेवलीत तर सेव्ह करताना एक्सेल विचारतं, आपण घाईत यस म्हणतो आणि सगळा कोड जातो. मी एकदा केलंय, परत नाही.

पायरी ३: यादी बघा, म्हणजेच रेफरन्स

ऑल्ट आणि एफ ११ दाबा, कोडची खिडकी उघडेल. वर टूल्स, त्यात रेफरन्सेस. (तो पर्याय करडा दिसत असेल तर एखादा मॅक्रो मध्येच अडकून उभा आहे, वरचं निळं चौकोनी रिसेटचं बटण दाबा, मग उघडेल.) आता जी लांब यादी दिसते ती तुमच्या कॉम्प्युटरवर नोंदवलेल्या लायब्ररींची, वर ज्यांना टिक आहे त्या तुमच्या फाईलने मागितलेल्या. एकेकीवर क्लिक केलं की खाली तिची फाईल कुठे आहे तो पत्ता दिसतो, हा पत्ता वाचायची सवय लावा.

आपल्या कामाची आहे 'मायक्रोसॉफ्ट एक्सएमएल, व्ही ६.०', फाईल एमएसएक्सएमएल ६ डॉट डीएलएल. नावात एक्सएमएल असलं तरी नेटवरून काहीही आणायचं काम हीच करते. यादीत कधी ३.०, ४.०, ५.० पण दिसतात, त्यांच्या वाटेला जाऊ नका. ४.० चा सपोर्ट २०१४ मध्येच संपलाय, ५.० ऑफिस २००३ आणि २००७ च्या सोबत यायची, म्हणजे दुसऱ्याच्या मशीनवर असेलच असं नाही. ६.० आजच्या प्रत्येक विंडोजमध्ये आधीच असते, वेगळी टाकावी लागत नाही.

तर शिकताना ६.० ला टिक करा. फायदा असा की मग कोड लिहिताना डॉट मारला की पुढचे पर्याय आपोआप खाली उघडतात, स्पेलिंग पाठ असायची गरज नाही. पण ही टिक कायम ठेवायची नाही हे लक्षात असू द्या, पायरी ६ ला आपण ती काढणार आहोत.

पायरी ४: कोणाला पाठवायचं, एक्सएमएलएचटीटीपी की सर्व्हर एक्सएमएलएचटीटीपी

एकाच डीएलएलमध्ये हे दोघं भाऊ राहतात आणि नेटवर मिळणाऱ्या निम्म्या उदाहरणांत एक असतो, निम्म्यांत दुसरा, आणि फरक कोणी सांगत नाही, म्हणून मी जरा इथे थांबते.

साधा एक्सएमएलएचटीटीपी जुन्या इंटरनेट एक्सप्लोररच्याच यंत्रणेतून जातो. त्यामुळे ऑफिसात प्रॉक्सी (नेटकडे जायचं मधलं दार) असेल तर ती सेटिंग त्याला आपसूक मिळते. पण त्याच यंत्रणेमुळे तो आणलेलं पान साठवूनही ठेवतो, आणि पुन्हा तोच पत्ता मागितला की कधीकधी नेटवर न जाताच साठवलेलं शिळं पान हातात देतो. मामाच्या शीटमध्ये दोन दिवस तीच एनएव्ही येत होती आणि आम्हाला वाटत होतं मार्केट शांत आहे!

सर्व्हर एक्सएमएलएचटीटीपी वेगळ्या यंत्रणेतून, विनएचटीटीपीतून जातो. हा काही साठवत नाही, दर वेळी ताजं आणतो, आणि किती वेळ वाट बघायची तेही त्याला सांगता येतं. फक्त ब्राउझरची प्रॉक्सी याला दिसत नाही. ऑफिसच्या नेटवर्कवर हा अडकला आणि साधा चालला तर कारण तेच, मग आयटीवाल्यांना सांगून अ‍ॅडमिन कमांड प्रॉम्प्टमधून नेटशेलच्या विनएचटीटीपी कमांडने तीच प्रॉक्सी इम्पोर्ट करून घ्यायची.

रोज बदलणाऱ्या आकड्यांसाठी माझं मत सरळ आहे, सर्व्हरवालाच वापरा. साधा वापरायचाच झाला तर पत्त्याच्या शेवटी प्रश्नचिन्ह टाकून त्यापुढे आत्ताची वेळ चिकटवा, दर वेळी पत्ता वेगळा दिसतो आणि तो बिचारा ताजं आणायला जातो.

पायरी ५: कोड, बोलीभाषेत

इन्सर्ट मेनूतून एक मॉड्यूल घाला. मी इथे उच्चारानुसार सांगतेय, टाईप अर्थातच इंग्रजी स्पेलिंगने करायचं. सगळ्यात वर 'ऑप्शन एक्स्प्लिसिट' असू द्या म्हणजे नावात चूक झाली की लगेच कळतं.

आधी सर्व्हर एक्सएमएलएचटीटीपी ६० या जातीचं एक ऑब्जेक्ट तयार करा. मग त्याचं 'सेट टाईमआउट्स', चार आकडे मिलिसेकंदांत, नाव शोधायला, जोडणी करायला, पाठवायला आणि उत्तर घ्यायला. मी ५०००, १००००, १००००, ६०००० देते, कारण फाईल मोठी आहे आणि मामाकडचं नेट दुपारी रांगतं. हे 'ओपन'च्या आधी लिहायचं. मग 'ओपन', त्यात पहिलं 'गेट', दुसरा फाईलचा पत्ता, तिसरं 'फॉल्स'. फॉल्स म्हणजे उत्तर येईपर्यंत इथेच थांब. ट्रू दिलंत तर कोड थांबत नाही, पुढे पळतो, आणि अजून न आलेलं उत्तर वाचायला जाऊन आपटतो. पत्ता अ‍ॅम्फीच्या साईटवरून स्वतः ब्राउझरमध्ये उघडून, फाईल दिसतेय याची खात्री करून मगच कॉपी करा, कुठल्यातरी जुन्या कोडमधला तसाच उचलू नका, आणि कोडमध्ये न लिहिता शीटच्या एका सेलमध्ये ठेवा, उद्या बदलला तर मामा स्वतः बदलू शकेल.

मग 'सेंड'. आणि सेंडनंतर लगेच 'स्टेटस' बघायचा. २०० असेल तरच पुढे. ४०४ म्हणजे पत्ता चुकला, ४०३ म्हणजे दारवानाने अडवलं, ५०० च्या पुढचे आकडे म्हणजे त्यांच्या सर्व्हरचाच गोंधळ, चहा पिऊन या. हा स्टेटस न बघता पुढे जाणारा कोड मी सगळीकडे बघते, आणि मग लोक एररच्या पानातून एनएव्ही शोधत बसतात.

२०० आला की 'रिस्पॉन्स टेक्स्ट'मध्ये सगळी फाईल एका लांब मजकुरात आलेली असते. आता तिचे तुकडे. आधी नव्या ओळीच्या खुणेवर 'स्प्लिट' करा म्हणजे ओळी वेगळ्या होतील, ओळीच्या टोकाला कॅरेज रिटर्नचं न दिसणारं अक्षर राहिलेलं असू शकतं, ते 'रिप्लेस'ने काढून टाका. मग प्रत्येक ओळ अर्धविरामावर स्प्लिट. सहा रकाने मिळतात, स्कीम कोड, मग दोन आयएसआयएन (स्कीमचे ओळख नंबर), स्कीमचं नाव, एनएव्ही आणि तारीख. मोजणी शून्यापासून होते, म्हणून कोड शून्यावा आणि एनएव्ही चौथा. मध्येमध्ये नुसत्या फंड हाऊसच्या नावाच्या आणि रिकाम्या ओळी येतात, त्यांत अर्धविरामच नाही, तर सहापेक्षा कमी तुकडे पडले की ती ओळ सोडून द्या. वरची शीर्षकाची ओळही सोडायची. आणि एखाद्या स्कीमच्या एनएव्हीच्या जागी आकड्याऐवजी एन.ए. लिहिलेलं असतं, त्याला आकडा समजून बदलायला गेलात की 'टाईप मिसमॅच', एरर नंबर १३. आधी 'इज न्यूमरिक' विचारा.

पुढचं फार महत्त्वाचं. ऐंशी स्कीम आहेत म्हणून ऐंशी वेळा फाईल मागवू नका हो. एकदाच आणा आणि आणलेलं सगळं डिक्शनरीत ठेवा. ही 'स्क्रिप्टिंग डिक्शनरी'सुद्धा एका डीएलएलमधूनच येते, एससीआरआर यूएन डॉट डीएलएल, विंडोजसोबतच असते. स्कीम कोड ही चावी, एनएव्ही ही किंमत. मग शीटवर ओळीओळीने जाऊन कोड विचारायचा की आकडा मिळाला.

इथे मी एक अख्खी रात्र घालवली. डिक्शनरीत सगळं भरलंय, कोड डोळ्यांना दिसतोय, आणि तरी 'एक्झिस्ट्स' विचारलं की नाही म्हणते. कारण फाईलमधून आलेला कोड हा मजकूर आणि सेलमधला कोड हा आकडा, डिक्शनरीला ते दोघं वेगळे वाटतात. दोन्हीकडे 'सीएसटीआर' लावून मजकूर करून घ्या आणि 'ट्रिम' मारा, झालं.

एनएव्हीच्या शेजारी तारखेचा रकानाही शीटमध्ये उतरवाच. सुट्टीच्या दिवशी जुनी एनएव्हीच येते, आणि शेजारी तारीख नसेल तर क्लायंटला सांगताना आपण ती आजची म्हणून सांगतो.

पायरी ६: टिक काढा

आता कोड चालतोय. जिथे ऑब्जेक्टची जात लिहिली होती तिथे नुसतं 'अ‍ॅज ऑब्जेक्ट' करा, आणि तयार करायच्या ओळीत 'क्रिएट ऑब्जेक्ट' लिहून कंसात, अवतरणचिन्हांत, पूर्ण नाव द्या, एमएसएक्सएमएल २ डॉट सर्व्हर एक्सएमएलएचटीटीपी डॉट ६.०. डिक्शनरीलाही तसंच. मग टूल्स, रेफरन्सेसमध्ये जाऊन टिक काढून टाका, आणि डीबग मेनूतून 'कंपाईल' करा. काही राहिलं असेल तर इथेच ओरडेल.

याला लेट बाइंडिंग म्हणतात. म्हणजे भांड्यांची यादी आधी न देता ऐन वेळी आचाऱ्याने आवाज द्यायचा, पातेलं आणा रे. फरक असा की आता फाईल उघडताना कोणी यादी तपासत नाही, आणि लायब्ररी नसलीच तर एरर नेमकी त्याच ओळीवर येते, लेफ्टवर नाही. तोटा इतकाच की डॉट मारल्यावर पर्याय दिसत नाहीत, आणि लायब्ररीतली तयार नावं, ज्यांच्यामागे खरं तर आकडे असतात, ती चालेनाशी होतात, तिथे स्वतः आकडा लिहावा लागतो. म्हणून लिहिताना टिक ठेवा, देताना काढा.

तो मिसिंग

मामाच्या मशीनवर मी शेवटी रेफरन्सेस उघडायला लावलं, व्हिडिओ कॉलवर, फोन उलटा धरून. टिक असलेल्यांत एका ओळीच्या आधी लिहिलं होतं, 'मिसिंग'. आणि ती एक्सएमएलची नव्हतीच! ती होती आउटलुकची, १६.० ची. क्लायंटना मेल पण जावा म्हणून मी एकदा गंमत म्हणून टिक केली होती, जमलं नाही म्हणून कोड उडवला, टिक तशीच राहिली. माझं ऑफिस नवं, मामाचं २०१३, म्हणजे १५.०. जुन्यावर बनवलेली फाईल नव्यावर नेली तर एक्सेल गुपचूप रेफरन्स वर सरकवतं, पण नव्यावर बनवलेली जुन्यावर नेली तर खाली सरकवत नाही, मिसिंग दाखवतं. आणि एक जरी रेफरन्स तुटला की व्हीबीएचा, म्हणजे मॅक्रोच्या भाषेचा, नावं शोधायचा सगळा क्रमच बिघडतो, मग लेफ्ट, डेट, फॉरमॅट असली रोजची फंक्शनंही त्याला ओळखू येत नाहीत. म्हणून बोट भलत्याकडेच.

तर ही एरर दिसली की हायलाईट झालेल्या शब्दाकडे बघूच नका. रिसेट करा, टूल्स, रेफरन्सेस, मिसिंग शोधा, वापरत नसाल तर टिक काढा. मामाचं काम तीस सेकंदांचं होतं.

जुन्या ऑफिसांतल्या शीटमध्ये कधीकधी 'मायक्रोसॉफ्ट सोप टाईप लायब्ररी' मिसिंग दिसते. ऑफिस एक्सपी आणि २००३ च्या काळात वेब सर्व्हिसशी बोलायला एक वेगळी टूलकिट यायची, ही तिची डीएलएल. ती कधीच निवृत्त झालीय, शोधत फिरू नका. सोप म्हणजे शेवटी ठरावीक साच्यातलं एक्सएमएलच 'पोस्ट'ने पाठवायचं असतं, ते आपली ६.० सुद्धा करते, तेवढा भाग नव्याने लिहा.

एरर ४२९ आली तर

'अ‍ॅक्टिव्हएक्स कंपोनंट कॅन्ट क्रिएट ऑब्जेक्ट'. म्हणजे नावावरून फाईलपर्यंतची साखळी तुटली. नव्वद टक्के वेळा नावाचं स्पेलिंग चुकलेलं असतं, डॉट राहिलेला असतो, ते आधी बघा. मग बिट. जुन्या कोडमध्ये जेसन (वेब सर्व्हिस माहिती देतात तो एक साचा) वाचायला 'स्क्रिप्ट कंट्रोल' नावाची गोष्ट वापरलेली असते, ती फक्त ३२ बिटची आहे, ६४ बिट ऑफिसमध्ये कितीही डोकं आपटलं तरी चालणार नाही. तिथे व्हीबीए-जेसन नावाचं मोफत मॉड्यूल घालायचं, ते निव्वळ कोड आहे, डीएलएलचा त्रास नाही, फक्त त्याला डिक्शनरी लागते. आणि समोरचा मॅकवाला असेल तर विषयच संपला, मॅकच्या एक्सेलमध्ये या लायब्ररी नाहीत.

एखाद्या वेगळ्या विकत घेतलेल्या सॉफ्टवेअरची डीएलएल असेल आणि फाईल जागेवर असून नोंद गेली असेल तर 'रेगएसव्हीआर ३२' ही कमांड. कमांड प्रॉम्प्ट रन अ‍ॅज अ‍ॅडमिनिस्ट्रेटर करून उघडा, नाहीतर परवानगी नाही म्हणून परत पाठवेल. ६४ ची डीएलएल असेल तर सिस्टम ३२ मधली कमांड, ३२ ची असेल तर सिसवॉव ६४ मधली, पूर्ण पत्ता देऊन. उत्तर 'एंट्री पॉइंट डीएलएल रजिस्टर सर्व्हर वॉज नॉट फाउंड' असं आलं तर ती डीएलएल कॉमची नाहीच, तिची नोंद करायची नसते, जोर लावू नका. आणि विंडोजचीच स्वतःची डीएलएल बिघडल्याचा संशय असेल तर 'एसएफसी स्कॅननाऊ' चालवा, ती विंडोजच्या फाईली तपासून मूळ प्रतीवरून दुरुस्त करते.

पण गूगल करून 'फ्री डीएलएल डाउनलोड'वाल्या साईटवरून फाईल उतरवून सिस्टम ३२ मध्ये टाकायची नाही. नाही म्हणजे नाही. ती कुठली आवृत्ती, किती बिटची, आत काय घुसवलंय, काही कळत नाही, आणि डीएलएल ही तुमच्या प्रोग्रॅमच्या आत बसून चालते, म्हणजे एक्सेलला जे जे उघडता येतं ते सगळं तिलाही. मामाच्या शीटमध्ये लोकांचे पॅन नंबर आहेत.

देताना

व्हॉट्सअ‍ॅपवरून किंवा मेलने पाठवलेल्या मॅक्रोच्या फाईलवर हल्ली लाल पट्टी येते आणि मॅक्रो चालू करायचा पर्यायच दिसत नाही. २०२२ पासून नेटवरून आलेल्या फाईलींना ऑफिस असंच वागवतं. फाईल बंद करा, फोल्डरमध्ये तिच्यावर राईट क्लिक, प्रॉपर्टीज, खाली 'अनब्लॉक'ला टिक, ओके. फक्त ओळखीच्या माणसाच्या फाईलला बरं का.

समोर विंडोज ७ असेल तर अजून एक. आता बहुतेक साईट टीएलएस (सुरक्षित जोडणीची पद्धत) १.२ च्या खाली बोलत नाहीत आणि विंडोज ७ चं विनएचटीटीपी मुळात ते वापरत नाही. त्यासाठी केबी ३१४०२४५ हा अपडेट आणि सोबत रजिस्ट्रीत 'डिफॉल्ट सिक्युअर प्रोटोकॉल्स' अशी नोंद, दोन्ही लागतं, नुसता अपडेट टाकून भागत नाही. मशीन बदलता येत असेल तर बदला, हे मी मामालाही सांगून झालंय.

आणि एरर ०एक्स८००७२एफ८एफ असली, किंवा उणे २१४७०१२७२१ हा आकडा दिसला, की तो सुरक्षित जोडणीचा घोळ. कोडला हात लावायच्या आधी उजवीकडे खालची तारीख बघा. मामाच्या दुकानातल्या दुसऱ्या पीसीवर रोज सकाळी ही एरर यायची आणि दुपारी आपोआप जायची, मी परत कोडच तपासत बसले होते. मदरबोर्डवरचा बटणासारखा सेल संपला होता, सीआर २०३२, रात्री मेन स्विच बंद केला की घड्याळ कित्येक वर्षं मागे जायचं आणि त्या तारखेला साईटचं सर्टिफिकेट अजून जन्मालाच आलेलं नसायचं. दुपारपर्यंत कोणीतरी तारीख नीट करायचं, की चालू. सेल शेजारच्या घड्याळवाल्याकडेच मिळाला.